निपान्ह्याचे चार दिवस

सोमवारी सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी भागवत खडू हातात घेऊन फळ्यासमोर उभा राहिला आणि त्याला काहीही सुचलं नाही.

आता न सुचणं ही काही बातमी नव्हे. कोल्हारातल्या निम्म्या लोकांना जन्मात काही सुचलेलं नाही आणि त्यांचं काही अडलेलंही नाही. पण भागवतचं अडत होतं. तो गावच्या दूध संस्थेचा सचिव. आलेल्या दुधाची फॅट काढायची, कॅन टेम्पोत चढवून द्यायचे, आणि या सगळ्याच्या आधी दारातल्या फळ्यावर 'आजचा सुविचार' लिहायचा. अकरा वर्षं रोज, आणि रोज स्वतःच्या डोक्यातला. 'पाणी घातलेलं दूध आणि पाणी घातलेलं बोलणं, दोन्ही फॅट काढल्यावर कळतं' हे त्याचंच. ते लिहिलं त्या दिवशी तिघेजण किटली घेऊन आले तसे गुपचूप परत गेले होते. बी.ए. मराठी झालेल्या माणसाला गावानं दिलेली जागा म्हणजे तो चार फूट बाय तीन फुटांचा फळा. त्याच्यावर त्याचा जीव होता.

आणि त्या फळ्यावर चेअरमन मच्छिंद्रअण्णांचा डोळा होता. अण्णांनी नगरला कुठंतरी लाल अक्षरं पळणारी लाईटची पट्टी पाहिली आणि तिथल्या तिथं विकत घेतली. तेव्हापासून ती खोक्यात पडून होती, कारण अकरा वर्षं चाललेली गोष्ट उगाच मोडली तर लोक बोलतात. म्हणून अण्णांनी जाहीर करून टाकलं होतं, "फळा ज्या दिवशी कोरा दिसंल, त्या दिवशी काढला. मला काय हौस न्हाई, पर नियम म्हंजी नियम."

सव्वासहा झाले. पहिल्या किटल्या यायला लागल्या. भागवतनं डोकं खाजवलं, खडू मोडला, दुसरा घेतला. आणि मग त्याला आदल्या संध्याकाळचं कडूबाईचं बोलणं आठवलं.

कडूबाई म्हणजे वरच्या वस्तीवरची म्हातारी. गुडघा धरल्यामुळं महिनाभर घरीच होती, दूध घेऊन तिची सून यायची. दूध एकदम निम्म्यावर आलं म्हणून भागवत चौकशीला गेला होता.

"गाय भाकड झाली का, मावशी?"

"भाकड कशानं हुईल? भाकड म्हंजी आतच न्हाई. ही निपान्ही झालीया. आत हाय, कास भरलीया, पर सोडत न्हाई. आमच्या माहेराला, राजुराकडं, असंच म्हनत्यात. मानसाला बी म्हनत्यात. माझा आजा लई वव्या म्हनायचा. एखाद्या टायमाला ववी आलीच न्हाई की म्हनायचा, आज मला निपान्हा झालाय."

खडू हातात धरून भागवतला हे सगळं आठवलं. आपल्याला काय झालंय ते त्याला कळलं, आणि त्याला नाव आहे हेही कळलं. त्यानं झरझर लिहिलं :

'आजचा शब्द : निपान्हा. अर्थ : आत आहे, पण उतरत नाही. उगम : पान्हा न सोडणाऱ्या गाईवरून माणसावर आलेला, राजूरकडील जुना शब्द, आता फारसा कुणाला ठाऊक नाही. टीप : भाकड वेगळं.'

फळा कोरा नव्हता. अण्णांचा नियम मोडला नव्हता. भागवत स्वतःवर खूश होऊन फॅट काढायला बसला, आणि तिथंच सगळं चुकलं.

कारण गावाला हा आजार पूर्वीपासून होता. फक्त त्याला म्हणायचं काय, ते माहीत नव्हतं. आळस म्हटलं की शिव्या बसतात, कंटाळा म्हटलं की कुणी ऐकून घेत नाही. निपान्ह्याचं तसं नव्हतं. त्याला अर्थ होता, उगम होता, आणि तो संस्थेच्या फळ्यावर लिहिलेला होता.

पहिला रोगी समोरच्या टपरीवरचा खाजाभाई. दुपारी त्याचा चहा तोंडात घालवेना तेव्हा गिऱ्हाईक कुरकुरलं. खाजाभाईनं शांतपणे फळ्याकडं बोट केलं. "पढ लो, भाऊ. आत चहा हाय. उतरत न्हाई."

संध्याकाळपर्यंत सलूनमध्ये एका नवरदेवाची अर्धी दाढी राहिली. मंगळवारी शाळेत गुरुजींनी गणिताचा तास घेतला नाही, आणि मुलांनी गृहपाठ आणला नाही. दोन्ही बाजूंनी एकच कारण दिलं. ग्रामपंचायतीत दाखले थांबले. लोक फळ्याचे फोटो काढून सोयऱ्यांना पाठवायला लागले, त्यामुळं भागवतला फळा पुसताही येईना. तसं पुसून नवीन लिहायला काही सुचलेलंही नव्हतं.

मंगळवारी दुपारी तो जेवायला बसला. ताटात सकाळची भाकरी, ठेचा आणि कांदा.

"कालवण?"

"पीठ आहे, मिरची आहे, तेल आहे," त्याची बायको रुपाली म्हणाली. "पण पिठलं काही उतरत नाही, अहो. तुमच्याच फळ्यावर वाचलं."

"अगं, ते लिहिणाऱ्याचं असतं."

"म्हणजे लिहिणाऱ्यानं थकायचं आणि रांधणारीनं नाही? असं टीपेत तर कुठं दिसलं नाही."

भागवतनं ठेचा संपवला. शब्द त्यानंच आणला होता.

पण खरा फटका दिला छगन वायरमननं. बुधवारी सकाळी खांबावरच्या विजेच्या डीपीवर काहीतरी उडालं आणि अर्ध्या गावाची वीज गेली. छगन डीपीखाली गेला, वर बघितलं आणि खाली बसला.

"छगन, चढ की," लोक म्हणाले.

"मला निपान्हा हाय. तुमचं उतरत न्हाई, माझं चढत न्हाई. दुखणं एकच."

याच बुधवारी मच्छिंद्रअण्णा संस्थेत आले. दुसऱ्या दिवशी संस्थेचा पंचविसावा वर्धापनदिन होता. नगरहून मोठे पाहुणे यायचे होते, आणि अण्णांचं भाषण दरवर्षी भागवतच लिहून द्यायचा.

"भाषण कुठंय?"

"अण्णा, आत आहे, पण..."

"फुडचं बोलू नको." अण्णांचा आवाज चढला. "गाव बंद पाडलंस तू. दाखले न्हाईत, लाईट न्हाई, माझी अर्धी दाढी तशीच हाय. एका शब्दानं पंचवीस वर्षांत झालं न्हाई ते केलं. भाषनाचं मी बघतो, मोबाईलला सांगितलं की दोन मिन्टात दितो लिहून. उद्या कार्यक्रम झाला की फळा उतरव. तिथं पट्टी लागनार."

भागवतला वाईट वाटलं. फार वाईट वाटलं. अकरा वर्षांत त्यानं पगारवाढ मागितली नव्हती, पण हा फळा गेला तर सकाळी सहा वाजता आपण कुठं उभं राहायचं, हे त्याला कळेना. तो तडक कडूबाईच्या वस्तीवर गेला.

"मावशी, तुमच्या आज्याला निपान्हा व्हायचा, तेव्हा तो करायचा काय?"

"गाईला करत्यात तेच." कडूबाई गुडघ्याला तेल चोळत होती. "सून घाईची. वासरू लांब बांधती आन् बादली घिऊन बसती. मग गाय कशाला सोडंल? दटावून उपेग न्हाई, वढून न्हाई. वासरू सोडायचं. ज्याच्यासाठी उतरायचं ते समूर नको व्हय? अर्धाच शबूद घिऊन गेलास तू, भागवता. औशद तर इचारलंच न्हाईस."

गुरुवारी मांडव भरला. वीज अजून नव्हती. पट्टी उद्घाटनासाठी मांडवात टांगून ठेवली होती, पण तिच्यावर अक्षर उमटत नव्हतं. मांडववाल्याचा माईक बॅटरीवर होता म्हणून कार्यक्रम तरी सुरू झाला. पाहुण्यांचे सत्कार झाले. अर्ध्या दाढीवर उपरणं ओढून अण्णा उठले, खिशातून मोबाईल काढला आणि वाचायला लागले.

"आदरणीय व्यासपीठ, सन्माननीय पाहुणे आणि माझ्या बंधुभगिनींनो. सहकार ही केवळ..."

मोबाईल बंद पडला. पडणारच. कालपासून घरात लाईट नव्हती, चार्जिंग कुठून होणार?

"सहकार ही केवळ..." अण्णांनी बटण दाबलं. "सहकार ही केवळ..." त्यांनी मोबाईल हातावर आपटला. पाहुणे छताकडं बघायला लागले. मागच्या रांगेतून कुणीतरी हळूच म्हणालं, "अण्णाला बी झाला." हसू फुटलं आणि ते पसरत पुढं यायला लागलं.

भागवत स्टेजच्या कडेला उभा होता. खोटं कशाला सांगा, त्याला बरं वाटलं. चांगलं अर्धा मिनिट बरं वाटलं. मग त्यानं अण्णांचा चेहरा पाहिला. पंचवीस वर्षं ही संस्था ओढलेला माणूस स्वतःच्या मांडवात उघडा पडला होता, आणि त्याच्या हातात असायला हवा होता तो कागद भागवतनं लिहिलेला नव्हता.

"वासरू सोड," तो स्वतःशीच म्हणाला.

पहिल्या रांगेत अण्णांची सहा वर्षांची नात ज्ञानेश्वरी आजीच्या मांडीवर कंटाळून बसली होती. भागवतनं तिला उचललं, कानात काहीतरी सांगितलं आणि सरळ स्टेजवर नेऊन अण्णांच्या पुढ्यात उभं केलं. तिनं आजोबांचं धोतर ओढलं.

"आबा, आपली डेअरी कशी सुरू झाली? गोष्ट सांगा ना."

अण्णांनी खाली बघितलं. नातीनं मान वर करून तोंडाकडं डोळे लावले होते. गोष्ट आल्याशिवाय ती हलणार नव्हती.

"काय सांगू तुला," अण्णा म्हणाले, आणि त्यांचा आवाज एकदम वेगळा लागला. "पहिल्या दिवशी एकच कॅन हुता, बाय. सायकलला बांधला. प्रवरेच्या पुलावर गेल्तो आन् चेन पडली. मी चेनीकडं बघाया गेलो, तर सायकल आडवी, आन् सगळं दूध नदीत. पूल पांढरा, मी बी पांढरा."

ज्ञानेश्वरी हसली. मांडव हसला, पण आता अण्णांना नाही, अण्णांबरोबर.

"मग मी दारोदार गेलो. बारा घरांत जाऊन सांगितलं, तुमचं दूध माझ्या हातनं सांडलं. वाटलं, उद्या कोन दूध घालनार? दुसऱ्या दिवशी सकाळी बाराचे बारा आले. आन् वरच्या वस्तीची कडूबाई एका तांब्याऐवजी दोन घिऊन आली. म्हनली, एक नदीचा, एक तुजा."

पुढं पाऊण तास अण्णा बोलत होते. कुणाची गाय, कुणाचा गोठा, कोण बाई अंधारात कंदील घेऊन यायची, सगळं नावानिशी. बायका पदरानं डोळे पुसत होत्या. नगरचे पाहुणे स्वतःचं भाषण विसरले. शेवटी टाळ्या थांबेनात, तेव्हा अण्णा माईकवरच म्हणाले, "फळा तिथंच ऱ्हाईल. आन् भागवता, उद्या काय लिहितोस ते बघाया मी सोता येनार."

औषध असं चारचौघांत दिसलं, विचारणाऱ्याला भागवतनं कडूबाईचा वासराचा उपायही सांगितला, आणि गावाचा निपान्हा एका दिवसात संपला. संध्याकाळी अंधारातल्या चाळीस बायका पाण्याच्या मोटारी बंद म्हणून रिकाम्या राहिलेल्या कळशा घेऊन डीपीखाली जाऊन उभ्या राहिल्या. एकीनंही तोंडातून शब्द काढला नाही, नुसत्या छगनकडं बघत राहिल्या. पाचव्या मिनिटाला छगन वर होता. रुपालीच्या समोर भागवत पाटावर बसून आशेनं बघत राहिला, तिलाही शेवटी पिठलं उतरवावं लागलं. पट्टी खाजाभाईच्या टपरीला मिळाली, तिच्यावर आता दिवसभर 'चहा गरम आहे' एवढंच पळत असतं.

राहिला एकटा भागवत.

शुक्रवारी सहा वाजून दहा मिनिटांनी तो फळ्यासमोर उभा राहिला. चार दिवसांचा शब्द त्यानं पुसला. मागं अण्णा, गुरुजी, खाजाभाई, निम्मं गाव. आणि डोकं स्वच्छ कोरं. सगळ्यांना औषध मिळालं होतं, पण आपलं वासरू कुठलं, हे त्याला ठाऊक नव्हतं. अण्णांनी घड्याळ बघितलं. नियम म्हंजी नियम, हे त्यांनी बोलून दाखवलं नाही एवढंच.

तेवढ्यात एक स्कूटी येऊन थांबली. पुढं सून, मागं कडूबाई, मांडीवर भरलेली किटली. गाय सोडायला लागली होती. कडूबाई गुडघा सावरत उतरली, फळ्यापाशी आली आणि म्हणाली, "काय लिव्हलंय रं आज?"

आणि भागवतला लख्ख उजेड पडला. कडूबाईला वाचता येत नव्हतं. अकरा वर्षं रोज सकाळी ती हेच विचारायची, आणि अकरा वर्षं तो तिला वाचून दाखवायचा. बाकीचे येता-जाता नजर टाकायचे, ती मात्र ऐकल्याशिवाय किटली खाली ठेवायची नाही. महिनाभर ती आली नव्हती. महिनाभर तो कसाबसा ओढत होता.

"थांबा मावशी, लिहितोय," तो म्हणाला. खडू चालू झाला होता. 'विचारणारं कुणी असलं, की सुचतं.'

त्यानं ते मोठ्यांदा वाचून दाखवलं. अण्णांनी मान हलवली आणि डोळ्यात काहीतरी गेल्यासारखं केलं. सगळे कडूबाईकडं बघायला लागले.

कडूबाईनं थोडा विचार केला आणि किटली खाली ठेवली.

"बरं हाय," ती म्हणाली. "पर लई सोपं हाय. उद्या जरा डोकं चालव."

आणि ती स्कूटीवर बसून खाजाभाईच्या टपरीपर्यंत पोचायच्या आत भागवतकडं उद्याचं, परवाचं आणि सोमवारचंही तयार होतं.