अनंतअण्णांचा स्टे

अनंतअण्णांना राग आला की ते आधी चपला घालतात, मग रागावतात. का, म्हणून विचारलं तर म्हणतात, "कोर्टात जायचं तर अनवाणी कसं जाणार?" राजाजीनगरातल्या आमच्या इमारतीत जिन्यात त्यांच्या चपला वाजल्या की लोक दारं लावून घेतात. पाणी उशिरा आलं, चपला. वरच्या मजल्यावर दुपारी मिक्सर लागला, चपला.

त्यांचं घराणं कित्येक पिढ्या बेंगळुरूत. मी नोकरीसाठी पुण्याहून आलेला, म्हणजे त्यांच्या लेखी कालचा पाहुणा. "स्वल्प थांब," म्हणून जिन्यात अडवतात आणि तासभर सोडत नाहीत.

मासळीची टोपली दिसली तर रस्ता बदलणारा हा माणूस. आणि तो वर्षभर भांडत होता मासे धरण्याच्या हक्कासाठी!

झालं असं, की आनेकलकडच्या एका तळ्यात मासे धरायचं सरकारी टेंडर निघालं. अट काय, तर बोली लावणाऱ्याने आधी मोठ्या धरणावर काम केलेलं हवं. तळ्याकाठच्या मच्छीमारांच्या संघाने धरण कुठून आणायचं? अट कुणा बड्या ठेकेदाराच्या मापाने शिवलेली आहे, हे आंधळ्यालाही दिसलं असतं. खात्यातल्या साहेबांना तेवढं दिसेना.

"टेंडर कसलं, दरोडा आहे! शिक्का मारून घातलेला!" अण्णांनी चपला घातल्या, वकील गाठला आणि संघाला घेऊन कोर्टात गेले.

स्टे मिळाला. अण्णांनी इमारतभर म्हैसूरपाक वाटला. तो संपायच्या आत संघाची अध्यक्ष मल्लक्का दारात उभी. ती कानडीतच बोलते. म्हणाली, "अण्णा, आम्हालाही जाळं टाकू देईनात. कोर्टाने सगळं जैसे थे ठेवायला सांगितलंय म्हणे. कुणीच मासे धरायचे नाहीत."

संघाची मासे धरायची जुनी मुदत संपलेली होती. ठेकेदाराला अडवण्याच्या भरात, निकाल लागेपर्यंत संघाला मासे धरू द्या, हे मागायचं वकीलही विसरला होता आणि अण्णाही.

ते मागायला नवा अर्ज केला आणि तारखा सुरू झाल्या. एकदा सरकारी वकील आले नाहीत, एकदा खात्याचं उत्तर तयार नव्हतं. माझंही डोकं फिरायला लागलं. तळं माशांनी भरलेलं, काठावरच्या चुली थंड, आणि खात्याचा माणूस मुदत मागताना जांभई देतो!

महालय अमावास्येला अण्णा म्हणाले, "गाडी काढ. आनेकलला जायचंय."

वाटेत मी विचारलंच, "अण्णा, तुम्हाला माशांचं एवढं काय पडलंय?"

"आमची वत्सला कारवारकडची," ते म्हणाले. "लग्न झाल्या झाल्या मी बजावलं, या घरात मासा येणार नाही. ती 'सरी', बरं, म्हणाली. मग दर महिन्याला आनेकलच्या मैत्रिणीकडे जायला लागली. मैत्रीण म्हणजे ही मल्लक्का. मला कळलं ते वत्सलाच्या बाराव्याला. मल्लक्का रडत म्हणाली, अक्का माझ्याकडे पोटभर जेवायच्या. पोटभर! मग माझ्या घरी इतकी वर्षं काय करत होती ती?"

ते ओरडले नाहीत, म्हणूनच मला कसंतरी झालं.

मल्लक्काने वत्सलाक्कांसाठी केळीचं पान वाढून ठेवलं होतं. पितृपक्षात गेलेल्या माणसाच्या आवडीचं असं पान ठेवतात, इकडे त्याला एडे म्हणतात. भात होता, नाचणीच्या उकडीचा गोळा, म्हणजे मुद्दे, होता, सार होतं. मासा नव्हता.

"अक्कांना या तळ्यातलाच लागायचा," मल्लक्का म्हणाली. "बाजारचा ठेवायला मन होईना."

अण्णा पानासमोर उभेच राहिले. "जन्मभर मी तिला खाऊ दिला नाही. आज द्यावा म्हटलं, तर मीच बंद करून बसलोय. साहेबांना कशाला शिव्या घालू?"

थोड्या वेळाने मल्लक्काने आम्हाला पानं मांडली आणि संकोचून म्हणाली, "अण्णा, तुम्हाला केळी आणलीत. सार माशाच्याच मडक्यात केलंय."

या घरचं पाणीसुद्धा अण्णांनी कधी घेतलं नव्हतं.

"ती कुठं बसायची जेवायला?" त्यांनी विचारलं.

मल्लक्काने चुलीशेजारच्या कोपऱ्याकडे बोट दाखवलं. अण्णांनी आपलं पान उचललं, तिथं नेऊन मांडलं आणि मांडी घालून बसले.

"वाढ," ते म्हणाले. "सार जास्त घाल."