हौश्याच्या खुट्यावर शिवथेरियम

तुमाले सांगतो, अख्ख्या वऱ्हाडात जनावर बनवावं तं ह्या खुशालरावनंच! जिवंत नाई, फायबरचं. बडनेऱ्याले माह्यं वर्कशॉप हाये. अमरावतीच्या बगिच्यात तोंड वासून बसलेले ससे पाह्यले ना, ज्याच्यात तुमी चिप्सची पाकिटं कोंबता? ते माह्ये! ज्या हत्तीच्या सोंडेवरून पोट्टे घसरतात, तो हत्ती? माह्या! एका लग्नात तं नवरदेव माह्याच घोड्यावर चढून बसला आन खरा घोडा मांडवाबाहेर वाट पाह्यत उभा! आता बोला!

तं औंदा पोळ्याच्या तोंडावर माह्याकडे दोन जनावरं तयार होती. एक अकोल्याच्या शाळेसाठी. तिथल्या मुख्याध्यापिका गीतांजलीबाईले बागेत नामशेष प्राणी उभे करायचे होते, आन पयला मान त्याइनं दिला शिवथेरियमले. नाव आयकून मले वाटलं, तापाची गोळी असंन! पण जनावर निघालं, आन कसं जनावर! जिराफाच्या खानदानातलं, पण मान आखूड, अंग बैलावाणी भरलेलं, खांदा माणसाच्या डोक्याच्या वर आन शिंगं चार! दोन लहान डोळ्यांवर, दोन मोठी चपटी मांगं, सुपाएवढी. हजारो वर्षांआधी आपल्याच देशात चरत होतं. मंग संपलं. हाडं तेवढी हिमालयाच्या पायथ्याले सापडली.

"मॅडम, बैलावाणी दिसते, पण बैल नाई!" असं मी त्याइले फोनवर ऐटीत सांगतलं होतं. हे वाक्य ध्यानात ठेवा.

दुसरं जनावर मात्र बैलच होता, आन तो माह्या सासऱ्यासाठी होता.

सासरे म्हणजे देवमन मामाजी. बार्शीटाकळीच्या पलीकडे एका खेड्यात राह्यतात. वावर हाये, पीकपाणी बरं हाये, कशाची ददात नाई. पण चैतात त्याइचा हौश्या गेला. गावातला तो शेवटचा बैल. बाकी साऱ्याइनं कवाच ट्रॅक्टर घेतले. मांगच्या पोळ्याले तोरणाखाली हौश्या एकटा उभा होता, शिंगाले बेगड, पाठीवर झूल, आन त्याच्या मांगं ट्रॅक्टरची रांग, बोनेटले हार घालून! तरी मामाजी त्याचा कासरा धरून असे ताठ उभे, जसं मांगं शंभर जोड्या हायेत.

हौश्या गेला आन बुढा कोठ्यात जाऊन बसला. कोठा म्हणजे गोठा, तुमी पुण्याचे असान तं सांगून ठेवतो. रिकाम्या गव्हाणीसमोर बाज टाकली आन मुक्काम तिथंच. अर्धी भाकर खाय, अर्धी गव्हाणीत ठेवे. पोळा जवळ आला तसा त्याइचा रुख्मिणीले, म्हणजे माह्या बायकोले, फोन आला. "बाई, औंदा पोळ्याले येऊ नोको. आपल्या घरी पोळा नाई."

रुख्मिणीनं फोन ठेवला आन मटकन खाली बसली. "अवो, बाबा हौश्यामांगं चालले. माय गेली तवा बी त्याइनं जेवण टाकलं नव्हतं. मले बाप राह्यत नाई आता."

बायको रडली का माह्या जिभेले लगाम राह्यत नाई. "रडून काहून राह्यली? तुह्या बाबाले हौश्या परत आणून देतो! असा बैल का अकोला जिल्हा पाह्यत राह्यीन!"

आन बनवला बी. फोटोवरून बनवला. पांढरा रंग, डावं शिंग खाली लोंबलेलं, खांद्यावर जुवाचा घट्टा. रुख्मिणी पाह्याले आली ती थेट त्याच्या गळ्यातच पडली. रंग वला होता, अर्धा हौश्या तिच्या गालाले लागला. मी खो खो हसलो, आन मंग मले बी रडू आलं.

"आता कोणाले दाखवू नका," ती डोळे पुसत म्हणाली. आमच्याकडे रीत हाये. नवा बैल दारी आला का आधी त्याच्या खुरावर पाणी, कपाळाले हळदकुंकू, मंग लोकाइनं पाहावं. तवरक त्याले कोणाची नजर लागू द्यायची नाई. म्हणून बैलाले ताडपत्री घातली. एकालेच घातली तं सारे त्यालेच डोकावून पाह्यतीन, म्हणून शिवथेरियमले बी घातली. डोकं पाहा माह्यं!

माल न्यायच्या दिवशी मी अमरावतीत झूल आन घुंगरमाळ घेत होतो. मेटॅडोरवाल्या फुरकानचा फोन आला.

"खुशालभाऊ, दोनो ढके हुए है. शाळेत कोणता उतरवू आन सासऱ्याकडे कोणता?"

"एवढं बी समजत नाई का बे? जो पाहून लोकाइचे डोळे फाटतीन, तो मामाजीचा! त्याच्यापुढे दुसरं जनावर बकरीवाणी दिसते!"

"समझ गया," फुरकान म्हणाला. त्या बिचाऱ्याची काय चूक? त्यानं दोघाइले पाह्यलं. बकरीवाणी दिसला तो अकोल्याले उतरवला, पहाडावाणी दिसला तो घेऊन मामाजीच्या दारात गेला.

आमी दोघं एसटीनं पोचलो तवा दिवस कलला होता. पोळ्याच्या आदल्या दिवशी आमच्याकडे बैलाचे खांदे शेकतात. वर्षभर जू ओढून दुखलेल्या खांद्याले पळसाच्या पानानं गरम तूप आन हळद लावतात, आन त्याच्या कानात आवतन देतात. पण त्या गावात आता खांदे कोणाचे शेकायचे? म्हणून दारात ताडपत्री पाहून अख्खं गाव जमलं होतं. मामाजीले कोठ्यातून हाताले धरून आणलं. बुढा अर्धा झाला होता. रुख्मिणीनं पदर तोंडात कोंबला.

मी मेटॅडोरवर चढलो. भाषण केल्याबिगर मले राह्यवते का? "मामाजी! गावकरी हो! गेलेला परत येत नाई म्हणतात. पण ह्या खुशालरावनं आणला! पाहा तुमचा हौश्या!"

आन ताडपत्री वढली.

भुकणारं कुत्रं शेपूट घालून मेटॅडोरखाली शिरलं.

"बाप्पा!" ट्रॅक्टरवाला धर्मपाल म्हणाला. "हौश्या वर जाऊन लयच तगडा झाला!"

"अन् शिंगं चार काहून हो जवाईबापू?" शेजारच्या माणिकबाईनं विचारलं. "दोन जुने, दोन नवे का?"

लोक हसाले लागले. तेवढ्यात माह्या फोन वाजला. गीतांजलीबाई होत्या. "खुशालराव, किती सुंदर प्राणी बनवलात! दुपारीच उद्घाटन झालं. शिंगं दोनच आहेत, पण मी मुलांना सांगितलं, ही मादी असावी. आणि तुम्ही म्हणालात तसं, अगदी बैलासारखी दिसते!"

मी "हो मॅडम" म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

रुख्मिणीनं माह्याकडे असं पाह्यलं का मले वाटलं, आता आपण नामशेष! मी खाली उतरलो आन मामाजीच्या पायाजवळ बसलो. "चुकलं मामाजी. तुमचा हौश्या अकोल्याले गेला. हे शाळेचं जनावर होय."

मामाजी ती चार शिंगं पाह्यत होते. "काय जनावर होय हे?"

"शिवथेरियम. लय जुनं."

"कुठी राह्यते?"

"कुठीच नाई आता. सारे संपले."

"एकबी नाई उरला?"

"नाई."

"याच्या खांद्यावर जू होतं?"

"नाई मामाजी. जंगलात मोकळं फिरे."

"मंग मेलं काहून?"

"काळ बदलला म्हणतात."

"काळ," मामाजी म्हणाले. मंग मान हलवली. "हौश्याले जू होतं, तो बी गेला. याले नव्हतं, हे बी गेलं." आन रुख्मिणीकडे वळून म्हणाले, "बाई, तूप तापव. हळद आन."

"बाबा, हे फायबरचं हाये!"

"पाहुनं दारात आलं. त्याले उभंच ठेवशीन का?"

हात खांद्याले पुरेना, म्हणून धर्मपालनं स्टूल आणलं. ऐंशी वर्षांचा बुढा स्टुलावर चढला आन पळसाच्या पानानं त्या थंड खांद्यावर तूप-हळद लावू लागला. माह्या पॉलिशवरून तूप घसरे, तो पुन्हा लावे. मंग त्याच्या कानाजवळ तोंड नेलं. "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या." चैतापासून जे दाबून ठेवलं होतं, ते सारं त्या कानात गेलं. आता कोणी हसत नव्हतं. धर्मपालनं स्टूल धरून ठेवलं होतं, आन तो बी नाक वढत होता.

त्या दिवशी मामाजी घरात येऊन जेवले.

दुसऱ्या दिवशी पोळा. शिवथेरियमले चाकाच्या फळीवर उभं केलं, माह्यी झूल घातली. ती त्याले लंगोटाएवढी झाली! तोरणाखाली पयला तो, मांगं सारे ट्रॅक्टर. आमच्या पोळ्यात आधी झडती म्हणतात, चार ओळी रचून, आन साऱ्या झडत्या झाल्यावर तोरण तोडतात. मंग पोळा फुटला म्हणायचं. मामाजीनं कासरा हातात धरून झडती सुरू केली,

"चार शिंगाचा पाहुना आला, नाई घर ना दार,
हौश्याच्या खुट्याले बांधला, मीच त्याचा आधार..."

"हर बोला हर हर महादेव!" करून मांगच्याइनं जोर लावला आन फळी उतारावर सुटली! सुपाएवढ्या शिंगात तोरण अडकलं, टर्रकन तुटलं. "पोळा फुटला!" कोणीतरी वरडलं. झाले ना सारे ट्रॅक्टर एका दमात सुरू! पुढे शिवथेरियम, शिंगात आंब्याची पानं, मांगं धूर, आन मधात कासरा न सोडता पळून राह्यलेले माह्ये सासरे!

"बाबा, सोडा! पडसान!" रुख्मिणी किंचाळत होती.

"पोळ्यात कासरा सोडतात का कोनी?" बुढा पळता पळता हसला. मारुतीच्या पारापाशी चाक अडकलं तवाच ते थांबले, आन तिथंच जनावराच्या पायाले टेकून पोटभर रडले.

दोन दिवसांनी आमी दोन्ही जनावरांची अदलाबदल कराले अकोल्याले निघालो. फुरकान शिवथेरियम घेऊन मांगून येणार होता. मामाजी धुतलेलं धोतर नेसून माह्यासंग. "हौश्याले मीच घरी आनतो," म्हणे.

शाळेच्या बागेत गेलो. फुलझाडांच्या मधात हौश्या उभा. लोंबलेलं शिंग, खांद्यावर घट्टा, सारं तसंच. मामाजी त्याच्यापाशी गेले आन हात वर केला.

"आजोबा, हात नका लावू," गळ्यात ओळखपत्र घातलेली एक पोरगी धावत आली. जेबा तिचं नाव, पाहुण्याइले बाग दाखवायचं काम तिच्याकडे. "हा नामशेष हाये."

"म्हंजे काय होते, माय?"

"म्हणजे आधी सगळीकडे होता. आता एकबी नाई."

"बैल नाई का हा?"

"बैलावाणी दिसतो, पण बैल नाई. मॅडमनं सांगतलं."

"तुनं बैल पाह्यला?"

"हो! पुस्तकात."

खाली पाटी होती. मामाजीनं एकेका अक्षरावर बोट ठेवून वाचली. 'शिवथेरियम. खुरांचा मोठा प्राणी. एकेकाळी आपल्या देशात याचे कळप चरत असत. आता एकही उरलेला नाही.'

गीतांजलीबाई आल्या. मी सारा गोंधळ सांगतला तशा त्या लाजून लाल झाल्या. "अरे देवा! आधी ती पाटी काढा!" मी पाना घेऊन खाली बसलो.

मामाजीनं माह्या हात धरला. "राहू द्या जवाईबापू. पाटी बरोबर हाये. नाव तेवढं चुकलं."

"मग काय लिहायचं?" बाईनं विचारलं.

"हौश्या," मामाजी म्हणाले. त्याचं लोंबलेलं शिंग एकदा धरलं, सोडलं, आन फाटकाकडे चालाले लागले. मांगं वळून पाह्यलं नाई. मी तिथंच पाना हातात घेऊन बसून राह्यलो.

हौश्या बागेतच राह्यला, आन शाळेले मी दुसरा शिवथेरियम बनवून देणार हावो. पयला फुरकाननं वाटेतूनच परत नेला, तो मामाजीच्या कोठ्यात, हौश्याच्या खुट्याले बांधलेला हाये. त्याच्यासाठी छपराच्या दोन बल्ल्या कापा लागल्या. मामाजी आता बरे हायेत, दोन्ही वेळ जेवतात. परवा त्याइचा फोन आला.

"जवाईबापू, जनावर गुनाचं हाये. लाथ मारत नाई, शिंग मारत नाई. पन कडबा टाकतो तं तसाच राह्यते. काई खात नाई बाप्पा."

आता त्याइले काय सांगू? अख्ख्या वऱ्हाडात जनावर बनवावं तं मीच, असं म्हटलं होतं ना मी? पण खाणारं बनवता येत नाई मले.