भिंत पडली, भाषण राहिलं

"उद्या बघच! माझं भाषण ऐकून न्यायाधीश खुर्चीतून उठतात की नाही!" वकीलसाहेबांनी बायकोला बजावलं.

"जेवायच्या सुट्टीला ते रोजच उठतात," बायको म्हणाली.

वकीलसाहेबांचं खरं दुखणं वेगळंच होतं. त्यांचे साडूही वकील. एक खटला जिंकल्यावर साडूंचा फोटो पेपरात आला आणि सासूबाईंनी तो थेट फ्रिजवर चिकटवला! तेव्हापासून वकीलसाहेब सासुरवाडीला कोमट पाणीच पीत. फ्रिज उघडायला गेलं की समोर साडू हसत!

आता मात्र संधी आली होती. छापखानेवाल्यानं शिंपीणबाईंच्या खिडकीसमोर भिंत बांधली होती. उजेड गेला, सुईत दोरा जाईना. भिंत पाडायचा हुकूम मिळावा, असा बाईंचा अर्ज होता. भाषण ऐकायला वकीलसाहेबांनी सासूबाईंना बोलावलं, साडूंनाही मुद्दाम बोलावलं.

सकाळी कोर्टात जाताना त्यांनी दोघांना गाडीतूनच भिंत दाखवली. "हीच ती! आज हिच्यावर असा बोलणार ना..." असं म्हणत गाडी मागे घेता घेता त्यांनी आरशात पाहिलं. साडू जळतायत का? नाही, ते आरामात जांभई देत होते! वकीलसाहेबांचा पाय रागानं दाबला गेला आणि गाडी सुसाट मागे गेली.

धडाम!

शिंपीणबाई धावत आल्या. "अगंबाई, उजेड! साहेब, इतके दिवस नुसतं बोलत का बसलात?"

"अभिनंदन, साडूभाऊ!" साडू म्हणाले. "भिंतच नाही, तर कोर्ट काय पाडायला सांगणार? अर्ज निकाली निघणार."

खरंच होतं ते. दिवा लावा म्हणून मुलानं भोकाड पसरावं आणि तेवढ्यात दिवा लागावा, मग पुढे रडायचं कशासाठी? पण वकीलसाहेबांचं रडणं अजून बाकी होतं! त्यांनी काळा कोट झाडावर टांगला आणि विटेवर वीट रचायला घेतली.

"अहो, तुम्ही वकील माझे की त्याचे?" शिंपीणबाई ओरडल्या.

"थांबा साहेब, सिमेंट आणतो!" छापखानेवाला आनंदानं धावला.

पण सासूबाईंनी दटावून जावयाला गाडीत बसवलं.

कोर्टात न्यायाधीशांनी विचारलं, "भिंत आहे का?"

"होती... म्हणजे मघाशी पुन्हा गुडघ्यापर्यंत आली होती..."

"या अर्जात आता काही उरलेलं नाही. निकाली!"

"साहेब, पण माझं भाषण..."

"पुढचं प्रकरण!"

बाहेर छापखानेवाला उभाच होता. "भिंतीची भरपाई हवी! दावा लावतो!"

"घाबरू नका, साडूभाऊ," साडूंनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. "तुमची बाजू मी मांडेन. आपल्या माणसाकडून फी कसली घ्यायची!"

सासूबाईंचे डोळे भरून आले.

हल्ली त्यांच्या फ्रिजवर आणखी एक फोटो आहे. त्या सकाळी त्यांनी स्वतः मोबाईलवर काढलेला. पडक्या भिंतीपुढे साडू हसत उभे आहेत. नीट पाहिलंत, तर मागे वकीलसाहेबही दिसतील. अर्धेच. हातात वीट घेऊन.