आकाशातली तोफ आणि निकम नाना

आमच्या कॉलनीत पापड ओळीत वाळत घालायला बंदी होती. नगरपालिकेची नव्हे, निकम नानांची. आम्ही बायका पहाटेपासून राबून गच्चीवर उडदाचे पापड पसरले, की हा माणूस जिना चढून यायचा, कमरेवर हात ठेवून आधी आभाळाकडे बघायचा, मग पापडांकडे.

"वहिनी, हे ओळीनं नका मांडू. वरून बघणाऱ्याला काय कळणार, पापड हाय का रडारची तबकडी? जरा वाकडेतिकडे टाका."

"आणि वरून बघतंय कोण?" मी विचारायची.

"अमेरिका. नायतर रशिया. ज्याची पाळी असंल तो."

म्हणे पाळी! दोन एवढाले देश पृथ्वीभोवती घिरट्या घालणार, ते नाशिक रोडच्या माझ्या पापडांवर डोळा ठेवायला! माझ्या पापडांवर डोळा होता तो कावळ्यांचा, आणि खालोखाल नानांचा. उपदेश करता करता परातीतल्या दोन लाट्या तेलात बुडवून गट्ट करायचे आणि मग वळून जिना उतरायचे.

नाना मूळचे देवळ्याकडचे. आमच्या भिंतीला भिंत लागून राहायचे. नोकरी लासलगावच्या कांदा मार्केटात, एका व्यापाऱ्यासाठी लिलावात बोली लावायची. सकाळच्या गाडीनं जायचं, संध्याकाळी अंगाला कांद्याचा वास घेऊन परत यायचं. बायको बऱ्याच वर्षांपूर्वी गेलेली. घरात एकुलती एक मुलगी, शोभा, प्राथमिक शाळेत शिक्षिका. तोपर्यंत नाना म्हणजे निरुपद्रवी प्राणी होते. मग कधीतरी त्र्याऐंशी साली अमेरिकेच्या अध्यक्षानं जाहीर केलं, की आता आभाळातच किरणांची शस्त्रं बसवू आणि शत्रूची क्षेपणास्त्रं वरच्या वर जाळून टाकू. पेपरात आलं. लोकांनी वाचलं आणि त्याच पेपरात भजी बांधून नेली. नानांनी मात्र ते मनावर घेतलं.

तेव्हापासून या गृहस्थाला दुसरा विषय नाही. कुणाचं बारसं असो की तेरावं, नाना पानावर बसले की शेजाऱ्याला पहिला प्रश्न, "तुमच्या डोक्यावर छप्पर हाय, कबूल. पण छपरावर कोण हाय?" शेजारी बिचारा वर बघायचा, तेवढ्यात त्याचा भात गार. मग नाना जगाचं राजकारण कांद्याच्या भाषेत समजावून द्यायचे. "हे दोघं व्यापारी हायेत बघा. एक म्हणतो, मी वर दहा तोफा बसवतो. दुसरा म्हणतो, मी वीस. बोली वाढतेय, वाढतेय. माल कुणाचा? तुमचा-आमचा. ट्रॅक्टर कुणाचा उन्हात उभा? तुमचा-आमचा."

"माझ्याकडं ट्रॅक्टर नाही हो," शेजारी म्हणायचा.

"तेच तर सांगतोय!" नाना म्हणायचे. यात काय सांगितलं ते त्यांचं त्यांनाच ठाऊक.

एकदा गणपतीत एका प्राध्यापकांचं 'अंतराळ आणि मानव' असं व्याख्यान ठेवलं होतं. प्राध्यापक चंद्रावर पोचायच्या आतच नाना उठून उभे. अंतराळात अण्वस्त्रं ठेवायची नाहीत असा करार आहे, तर मग किरणांचं काय, कराराला भोकं किती, सही करणाऱ्यांनी वाचून केली का, असं सुरू झालं. मंडळाच्या पोरांनी माइक बंद केला. पण लासलगावच्या बाजारात गळा तापवलेल्या माणसाला माइक कशाला लागतोय! आरतीला उशीर झाला, मोदक वाळले, आणि प्राध्यापक मागच्या दारानं गेले ते पाकीटसुद्धा न घेता.

इथवर ठीक होतं. येड्याच्या येडेपणावर कॉलनी हसत होती. पण पुढं हे खूळ शोभाच्या मुळावर आलं.

स्थळं येत होती. पोरगी गुणी, नोकरीची, दिसायला चारचौघींत उठून दिसणारी. पण स्थळ आलं की नाना पत्रिका बघत नसत, नकाशा बघत. पुण्याचं आलं, "नको, तिथं लष्कर हाय." मुंबईचं आलं, "बंदर हाय, तेलाच्या टाक्या हायेत, नाव काढू नका." एक ओझरजवळचं आलं. नानांनी पाहुण्यांना विचारलं, "घरावरून विमानं जातात का?" पाहुणे कौतुकानं म्हणाले, "हो तर, रोज!" झालं, चहा व्हायच्या आत स्थळ मोडलं. जिथं नोकरी आहे, वीज आहे, नळाला पाणी आहे, असं प्रत्येक गाव या माणसाच्या हिशेबी अमेरिकेच्या किंवा रशियाच्या यादीत होतं. शेवटी उरलं काय, तर सुरगाण्यापलीकडचा एखादा पाडा. बरं, तिथं शिक्षिकेसाठी नवरा कुणी ठेवलाय?

अठ्ठावीस उलटली तेव्हा शोभा एका दुपारी माझ्या स्वयंपाकघरात येऊन बसली. "काकू, मनमाडचा मुलगा बघून गेला ना, रेल्वेतला. मला पसंत आहे. त्यांचाही होकार आला. पण नाना म्हणतात, मनमाड सोडून कुठलंही." एवढं बोलून पोर ओट्याला टेकून रडायलाच लागली.

माझं डोकं सणकलं. तशीच पदर खोचून शेजारी गेले. नाना मेथी निवडत बसले होते.

"मनमाड का नको?"

"जंक्शन हाय वहिनी. चहूबाजूंनी रूळ येतात. वरून बघणाऱ्याला पहिलं तेच दिसंल. पहिला किरण तिथंच."

"नाना, किरण पडेल तेव्हा पडेल! पोरीचं वय काय अमेरिकेच्या सोयीनं थांबणार आहे? त्या मेल्यांना भांडायला जमीन पुरली नाही म्हणून आभाळात चढले, आणि त्यांच्यापायी तुम्ही घरात घोडनवरी करून ठेवलीय! लाज कशी वाटत नाही?"

मला वाटलं, आता व्याख्यान सुरू होणार. पण हातातली जुडी त्यांनी खाली ठेवली.

"वहिनी, शोभीची आई गेली तेव्हा तुम्ही जवळ होता," ते म्हणाले. "मी नव्हतो. दुपारचा लिलाव चालू होता. ऑफिसात फोन आला. घेणारा म्हणाला, निकम बोलीवर हायेत, संपल्यावर सांगतो. संपल्यावर सांगितलं त्यानं. मी कांद्याच्या ट्रकात बसून आलो, तर तुम्ही तिला बाहेर अंगणात घेतलेलं."

ते मला ठाऊक होतं. तिचं डोकं माझ्याच मांडीवर होतं. पण या माणसानं इतक्या वर्षांत त्यातला एक शब्द तोंडातून काढला नव्हता.

"किरणांचं निदान पेपरात आधी छापून येतं," नाना म्हणाले. "बाकीचं कुठं छापतंय कुणी? पोरगी तिकडं आजारी पडली, बाळंतपणात काय झालं, तर कुणीतरी म्हणंल, निकम कामात हायेत, संपल्यावर सांगू."

पुढचे चार टोले जिभेवर तयार होते माझ्या. पण मला रडू आलं, खोटं कशाला बोलू. मेथीची जुडी ओढून घेतली आणि त्यांच्यासमोर बसून निवडून दिली. उठताना नाना म्हणाले, "मनमाडला कळवा, होकार हाय म्हणून."

लग्न झालं. नीट झालं. अंतराळाबद्दल नाना एक अक्षर बोलले नाहीत, व्याही तर त्यांना अबोलच समजले.

दिवाळी झाली आणि एका सकाळी बघते तर शेजारच्या दारात ट्रंक, वळकटी आणि स्टोव्ह. नाना कुलूप शोधत होते.

"कुठं स्वारी?"

"मनमाडला. खोली घेतली भाड्यानं. लासलगाव तिथनं जवळ पडतं."

"अगंबाई! लेकीच्या मागं बाप आंदण गेलेला मी पहिल्यांदाच बघतेय. लोक शेण घालतील तोंडात!"

"तिच्या दारात नाय ऱ्हाणार. खोली स्टेशनाच्या पल्याड हाय. तिच्या घरचं पाणीसुद्धा पिणार नाय. नुसती हाकेच्या अंतरावर."

"आणि तुमचा तो किरण? पहिला तिथंच पडणार होता ना?"

नानांनी कुलूप लावलं, ओढून बघितलं, आणि वळकटी खांद्यावर घेतली.

"पडू दे. या खेपेला मी जवळ असंन."