शेळीच्या तोंडचा पुरावा

"लिहा, मेहुणे. उंची बेताची, बुद्धी बेसुमार. नजर घारीची, कान सशाचे, चाल चित्त्याची…"

"पुरे, भावोजी. एका सदऱ्यात एवढे प्राणी मावायचे नाहीत."

"लिहा! ज्यांचं नाव ऐकताच गुन्हेगार चळाचळा कापतात, असे आमचे…"

आमचे भावोजी, म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान, घड्याळं दुरुस्त करतात. डोळ्याला लावायचं भिंग धंद्यापायी घरात होतंच. ते वाया जाऊ नये म्हणून गुप्तहेर झाले. त्यांच्यापुढे कापलेला गुन्हेगार मी अजून पाहिलेला नाही. त्यांच्या हातात दिलेली घड्याळं मात्र थोडा वेळ कापतात आणि मग कायमची शांत होतात. पण बुवांच्या कीर्तनाला जसं नमन, तसं भावोजींच्या प्रत्येक प्रकरणाला हे वर्णन. नमनाला घडाभर तेल जातं, जाऊ द्यावं. पुढे कुठेतरी उजेड पडेल अशी आशा असते.

तर त्या सकाळी दुकानात इस्त्रीवाल्या मावशी आल्या आणि म्हणाल्या, "दादा, माझ्या चिमीला फाशी झाली हो!"

भावोजी ताडकन उठले. मांडीवरचं बंद घड्याळ खाली पडलं आणि चालू झालं.

"चिमी कोण? मुलगी?"

"शेळी."

भावोजी बसले. पण मावशींनी पदर डोळ्याला लावला तेव्हा पुन्हा उठले. मावशी एकट्या. वाचनालयाच्या भिंतीला लागून त्यांची खोली, खोलीत टेबल, टेबलावर इस्त्री, टेबलाखाली शेळी. दिवसभर बोलायला दुसरं कोणी नाही. आणि परवा सकाळी खाटीक येणार होता.

"आरोप काय?"

"पुस्तकाची शेवटची पानं खाल्ली म्हणे. हेडमास्तरांनी निकाल दिला."

हेडमास्तर शाळेतून निवृत्त झाले, पण शाळा त्यांच्यातून निवृत्त झाली नाही. आता ते वाचनालयाचे अध्यक्ष आहेत. आम्ही गेलो तेव्हा ते 'फाशी, खून आणि अन्यायाने मेलेली माणसं' अशी चिठ्ठी लावलेल्या पुस्तकांच्या कपाटासमोर डोळे पुसत बसले होते. खिशात भाषणाचे कागद. 'एकाही निरपराध जिवाला मरणाची शिक्षा होता कामा नये' हा विषय. भाषण परवाच.

"दोनशे पानं मी त्या स्वयंपाक्यासाठी रडतोय!" त्यांनी तपकिरी बांधणीचं पुस्तक आपटलं. "मालकाच्या दुधात विष. जो तो म्हणतो, यानेच घातलं. खटला झाला, शिक्षा झाली, दोर आणला, आणि पुढे पानंच नाहीत! माणूस मेला का वाचला? रात्रभर डोळ्याला डोळा नाही. आणि ही खिडकीबाहेर उभी, तोंडात छापील कागद!"

"पानं खाताना कोणी पाहिली?" मी विचारलं.

"पाहायला कशाला हवं? शिवाय सराईत आहे. मागे वर्तमानपत्र खाल्लं होतं, तेव्हाच मावशींनी चारचौघांत कबूल केलं की पुन्हा कागदाला तोंड लावलं तर शेळी खाटकाला."

"तिची बाजू ऐकलीत?"

"ऐकली. बें म्हणाली."

काडेपेटीत जपून ठेवलेला पुरावा त्यांनी पुढे केला. ओला, चघळलेला तुकडा. भावोजींनी भिंग लावलं.

"'…रीची, का…' बास! सुरीची! सुरीची का… काळजात घुसली! मेहुणे, खून सुरीने झालाय."

"पुस्तकात विष आहे, भावोजी."

"म्हणूनच तर त्याला रहस्य म्हणतात."

त्या दिवशी भावोजींनी चार सिद्धान्त मांडले. पहिला, शेवट फसला म्हणून लेखकानेच रात्री येऊन पानं फाडली. लेखक वारून बरीच वर्षं झाली आहेत हे कळल्यावर भावोजी म्हणाले, "वा! म्हणजे संशय घ्यायला कोणी धजणार नाही." दुसरा, मावशींनी त्या पानांत इस्त्रीचे कपडे बांधले. हा मावशींसमोरच मांडल्यामुळे भावोजींचा कोट चुरगळलेलाच राहिला. तिसरा, स्वतः हेडमास्तरांनी. चौथा सांगताना त्यांचा आवाज खोल गेला.

"पुस्तकातल्या खऱ्या खुन्याने. शेवटच्या पानावर त्याचं नाव होतं. पान गेलं, पुरावा गेला. तो या गावात मोकळा फिरतोय, मेहुणे."

"पण तो कथेतला आहे."

"वेष बदलण्यात किती पटाईत असेल, विचार करा!"

पुस्तक नुकतंच नव्याने बांधून आलं होतं, म्हणून आम्ही बाइंडरकडे गेलो. बसायला जागा नाही, सगळीकडे कागद, पुठ्ठे, सरसाचं भांडं. बाइंडरच्या बोटाला पट्टी.

"रक्त!" भावोजी कुजबुजले.

"पुठ्ठा कापताना," बाइंडर म्हणाला.

"या पुस्तकात शेवटी काय होतं?"

"साहेब, मी पुस्तकं बांधतो, वाचत नाही. वाचायला लागलो तर बांधणार कोण? सोळा सोळा पानांची एकेक घडी उचलायची आणि शिवायची. त्या दिवशी दोन पुस्तकं एकदमच उसवली होती, हे आणि तुमच्या आईंची पोथी. एकाच मापाची, एकाच रंगाचा पुठ्ठा. दोन्ही वेळेत दिली. तुम्ही माझं घड्याळ कधी देताय?"

तपास तिथेच आटोपता घ्यावा लागला.

रात्री जेवताना भावोजींच्या आई, म्हणजे आमच्या मोठ्या आई, भलत्याच खुशीत होत्या. जन्मभर एकही कीर्तन न चुकवलेली बाई.

"अरे, पोथी काय सुरेख बांधलीय! अंगाने भरली हो. आणि शेवटी एक दृष्टान्त आहे, वाचताना रडू आवरेना. देव कसा अगदी शेवटच्या क्षणी…"

"आई, इथे खुनाचा तपास चाललाय. देवाचं नंतर."

"बरं बाबा," त्या म्हणाल्या. "देवाला सवय आहे नंतरची."

तो परवा उजाडला. वाचनालयापुढे खाटीक येऊन उभा, संकोचून, दोरी पाठीमागे लपवून. मावशी चिमीच्या गळ्यात हात घालून बसलेल्या. भावोजींनी सगळ्यांना गोळा केलं, भिंग चढवलं.

"खुनी इथेच आहे! आपल्यातच!" ते गर्रकन वळले आणि बोट रोखलं. ते नेमकं खाटकाकडे गेलं.

"मी अजून काही केलेलं नाही हो!" खाटीक कळवळला.

तेवढ्यात माझ्या ताईचा हात धरून मोठ्या आई आल्या. बगलेत पोथी. त्या सरळ शेळीपाशी जाऊन बसल्या.

"जीव जायचा तर चार चांगले शब्द कानावर पडून जाऊ दे. मी तिला दृष्टान्त वाचून दाखवते. तोवर थांबाल ना, बाबा?"

"थांबतो, आई," खाटीक म्हणाला. "बसूनच थांबतो."

मोठ्या आईंनी सूर लावला. त्या साधी यादी वाचतानाही सूर लावतात. "ऐका हो सज्जन! दोर गळ्यात पडला. आणि तोच दिवाणजी धावत आला. ओरडला, थांबवा! दुधात विष मी घातलं! हा स्वयंपाकी निष्पाप आहे…"

हेडमास्तरांच्या हातातली काठी पडली.

"वाचला? तो वाचला?"

"वाचणार नाही तर काय! देव आहे ना."

"पण आई," मी म्हणालो, "देवाच्या पोथीत विष, दिवाणजी, फाशी… तुम्हाला काही वेगळं वाटलं नाही?"

"वेगळं कसलं? आमचे बुवा नामस्मरणाचा महिमा सांगता सांगता म्हशीच्या बाजारात जाऊन येतात. दृष्टान्त कुठूनही येतो, बाळा. परत देवापाशी आला म्हणजे झालं."

बाइंडरने पोथी उलटून पाहिली. शेवटची सोळा पानं. एक घडी, शिवली भलतीकडे. तो पट्टीच्या बोटाने कान खाजवत राहिला.

"मग तिच्या तोंडातला कागद?" हेडमास्तरांनी काडेपेटी काढली. ताईने तुकडा हातात घेऊन नुसता वास घेतला.

"ही माझी खळ. हा यांच्या जाहिरातीचा कागद. 'नजर घारीची, कान सशाचे.' शेळी पकडली त्याच्या आदल्या रात्री हेच वाचनालयाच्या भिंतीवर डकवून आले. मी खळीत कणीक सढळ घालते, शेळीने चाटली तर तिचा काय दोष?"

सगळे भावोजींकडे बघू लागले. भावोजींनी भिंग काढलं, पुसलं, पुन्हा लावलं.

"लिहा, मेहुणे. पुरावा गुप्तहेरानेच पेरला होता. खुन्याला गाफील ठेवण्यासाठी."

खाटकाने दोरी गुंडाळून खिशात घातली आणि पुढे काय झालं ते पुन्हा वाचा म्हणाला. मोठ्या आईंनी पुन्हा वाचलं. दिवाणजी धावत आला तिथे मावशी मोठ्याने रडल्या, खाटीक त्यांच्याहून मोठ्याने.

हेडमास्तर मात्र ऐकत नव्हते. ते शेळीकडे बघत होते. दोनशे पानं त्यांनी कागदावरच्या एका माणसासाठी रडून काढली होती, आणि समोरच्या जिवंत जिवासाठी चौकशीचा एक प्रश्नही खर्च केला नव्हता. ते हळूच तिच्यापाशी उकिडवे बसले. बहुधा माफी मागायची होती, पण शाळेत ती शिकवायची असते, मागायची सवय नसते.

चिमीने मान लांब करून त्यांच्या खिशातून भाषणाचा पहिला कागद ओढला. आता खळबिळ काही नव्हती. उघड गुन्हा, दिवसाढवळ्या, साक्षीदारांसमोर. मावशींनी डोळे गच्च मिटले.

हेडमास्तरांनी खिशातले उरलेले कागदही काढले आणि एकेक करून तिच्यापुढे धरले.

"खा, बाई," ते म्हणाले. "तुझ्याबद्दलच लिहिलंय."