मारोतीभाऊंचा पेटीवाला

नाटकाला जमलेलं अख्खं गाव मंचाकडे बघतं. मारोतीभाऊ बघतात पेटीवाल्याकडे. एकटक, डोळे वटारून. बिचारा पेटीवाला भर गाण्यात सूर चुकतो. मग भाऊ समाधानानं शेजाऱ्याला म्हणतात, "याच्यात काय ठेवलं आहे गा?"

त्याला कारण आहे. आमच्या चामोर्शीकडच्या एका मास्तरांनी कादंबरी लिहिली. तिच्यात तलावावर मासे धरणाऱ्याची बायको नाटकमंडळीतल्या पेटीवाल्याबरोबर निघून जाते. ती बायको खरी. भाऊंचीच. गावाची अब्रू गेली म्हणून मोर्चे निघाले, पुस्तकं जाळली. आम्ही पोरांनी पुस्तकाच्या बाजूनं पत्रकं वाटली, शिव्या खाल्ल्या. भाऊंचं भांडण मात्र तिसरंच. पान उघडून मला दाखवत, "इथी पाह. त्याची बोटं लांबसडक लिवली. अन् माहे हात? मासोळीच्या वासाचे! काऊन?"

आता त्या कादंबरीवर सिनेमा निघतोय. गाव पुन्हा पेटू नये म्हणून दिग्दर्शकानं ग्रामपंचायतीसमोर बैठक घेतली. माझं पत्रक न वाचता त्यानं खिशात कोंबलं आणि भाऊंना खुर्ची दिली. माझा जळफळाट झाला. लढलो आम्ही, आणि मान यांना!

"कुणाच्याही भावना दुखावणार नाहीत," दिग्दर्शक म्हणाला. "शेवट बदललाय. बायकोला पस्तावा होतो, ती परत येते, नवऱ्याच्या पाया पडते."

टाळ्या पडल्या. भ्याड लेकाचे! एवढंच दाखवायचं तर कादंबरी घेतली कशाला? मी बोलायला उठलो, तर भाऊ आधीच उभे.

"ती वापस आली, हे कोणं सांगतलं तुमाले?"

"भाऊ, यात तुमचाच मान राहतो."

"खोटा मान घेऊन काय करू? कोणाच्या पाया पडणारी नव्हती ती. जाते तं जाऊ द्या तिले."

मी खूश. "म्हणजे पेटीवालाही पुस्तकातल्यासारखाच ना, भाऊ?"

"त्याले टकला करा!" भाऊ गुरकावले.

सगळे हसले. भाऊ हसले नाहीत. खुर्चीत बसत दिग्दर्शकाला हळूच म्हणाले, "अन् एक. ती गेली त्या दिवशी मी तलावावरून घरी आलो, तं माह्यासाठी भात झाकून ठेवला होता. गरम होता अजून. हे मास्तरले ठाऊक नाई. तेवढं दाखवा."