पिंपळाच्या वाटेची नक्कल

कळसाडीच्या नवल पाटलाची बायको भिकुबाई बोलायची थांबली, त्या दिवशी नवलला मनातून बरं वाटलं. रात्री भाकरीबरोबर मिठाचा खडाही पुढ्यात आला नाही आणि तो कुणाकडे मागावा हे कळेना, तेव्हा मात्र त्याच्या लक्षात आलं की, हे प्रकरण आपल्याला महागात पडणार.

त्याचं असं झालं. चातुर्मासात भिकुबाईचा नेम असे. सकाळी अंघोळ करून पिंपळाला पाणी घालायचं, प्रदक्षिणा करायच्या आणि तोवर तोंडातून शब्द काढायचा नाही. गावात पिंपळ एकच, तो शेजारच्या हिंमतरावाच्या गोठ्यामागे. तिकडे जायची पायवाट हिंमतरावाच्या अंगणातून. पाणी घालून झालं की रात्रभर मनात साठलेलं सगळं भिकुबाई तिथेच उभी राहून बोलून टाकी. हिंमतराव म्हैस पिळता पिळता मुकाट्याने ऐके.

एका सकाळी तिच्या तांब्यात थोडं पाणी उरलं.

"हिंमतभाऊ," ती म्हणाली, "एवढं पानी उरनं शे. दूधमा टाकनं व्हई तं ले."

दूध न्यायला आलेल्या बाया पदरात तोंड लपवून हसल्या. हिंमतराव हसला नाही. दुपारपर्यंत पायवाटेवर बोरीच्या काट्यांची भिंत उभी राहिली.

दुसऱ्या सकाळी भिकुबाई भरला तांब्या घेऊन काट्यांपाशी गेली आणि तशीच परत आली. पाणी नाही, म्हणून बोलणंही नाही. शेतावरच्या निंदणाऱ्या बाया 'आज कोणत्या वाफ्यात' म्हणून विचारायला आल्या, तर भिकुबाईने हातवारे केले. त्यांतून बायांना सुट्टी आहे असं कळलं आणि त्या घरी गेल्या. नवलने डाळ चुलीवर ठेवली. ती कधी उतरवायची हे सांगायला भिकुबाईने चिमटा वाजवला. नवलला वाटलं, ती भजनाला बसली.

शेवटी तो हिंमतरावाकडे गेला.

"काट्या काढ भाऊ. मन्हा घरना कारभार बंद पडना."

"वाट मन्ही शे, नाना. मन्हा बाप कोर्टमा जितेल शे."

"जितेल तं मन्हा बाप शे. गावभर पेढा वाटेल व्हतात."

"पेढासवर काय शिक्का ऱ्हास? कागद दाखाड. मी सोता काट्या काढसू."

दोघांच्या बापांनी या वाटेवरून दावा लढवला होता, पण निकालाचा कागद कुठल्याच घरात नव्हता. नवलच्या घरचा वाळवीने खाल्ला होता आणि हिंमतरावाच्या बापाने कधी आणलाच नव्हता. म्हणजे तालुक्याच्या कोर्टात जाऊन निकालाची नक्कल काढणं आलं. नक्कल काढायची तर दाव्याचं साल हवं. नवल त्या वेळी मामाच्या गावी शिकायला होता. साल ठाऊक होतं ते फक्त त्या वर्षी नवी सून म्हणून घरात आलेल्या भिकुबाईला.

गाडी जुंपली. वाटेत नवलने विचारून पाहिलं, "सांगी टाक ना व. देव काय आयकस का एवढ्यामा?"

भिकुबाईने त्याच्याकडे असं पाहिलं की बैलही जरा जपून चालू लागले.

कोर्टात जुनी दप्तरं सांभाळायला चुनीलाल नावाचे कारकून होते. मागे भिंतभर लाल फडक्यांत बांधलेले गठ्ठे. त्यांनी अर्ज पाहिला.

"साल लिहिलेलं नाही. सालाशिवाय शोधायचं म्हणजे मला इथेच म्हातारपण येईल."

"साल हिले माहीत शे, साहेब."

"मग सांगा, बाई."

भिकुबाईने दोन बोटं टेबलावरून तुरुतुरु पळवली, गर्रकन फिरवली आणि उताणी पाडली.

चुनीलाल म्हणाले, "दप्तरात उंदीर आहेत, ते आम्हालाही ठाऊक आहे. त्याची तक्रार वेगळ्या अर्जावर करा."

"पलेगनं साल, साहेब," नवलने उलगडा केला.

"प्लेग एकदाच आला होता का? कितव्या वेळचा?"

आता भिकुबाईने दोन्ही मुठींत अदृश्य दोऱ्या धरल्या आणि ती पुढे-मागे, पुढे-मागे झुलू लागली.

"अहो, यांना भोवळ येतेय. पाणी द्या कुणीतरी," चुनीलाल घाबरून म्हणाले.

शिपायाने पाण्याचा तांब्या आणून दिला. हातात भरलेला तांब्या आला आणि भिकुबाईचं लक्ष खिडकीबाहेर गेलं. कोर्टाच्या आवारात भलामोठा पिंपळ उभा होता. ती तांब्यासकट उठून बाहेर चालती झाली.

त्या पिंपळाच्या बुंध्याशी अर्ज लिहून देणारे वहाबमियाँ सतरंजी टाकून बसले होते. भिकुबाईने मुळाशी पाणी घातलं, हात जोडले आणि प्रदक्षिणा सुरू केल्या. वहाबमियाँ तिच्याबरोबर मान फिरवत राहिले, मग अवघडून उठले.

"बहनजी, मैं कोई पीर नहीं. सिर्फ अर्जी लिखता हूँ."

प्रदक्षिणा संपवून भिकुबाई आत आली आणि बोलली. डाळ कशी करपली, बाया कशा परत गेल्या, नवलने चिमट्याचं कसं भजन केलं, हे सगळं आधी झालं. चुनीलालांनी लेखणी खाली ठेवली. मग तिने श्वास घेतला.

"आनि साल इचारशात तं दुसरा पलेग. आखाजीले मी माहेरी झोका खेळी ऱ्हायंतू, तवय सांगावा उना का सासरा कोर्टमा गयात म्हनीसन."

दुसऱ्या प्लेगच्या वर्षातली अक्षय्य तृतीया, एवढ्यावरून चुनीलालांनी साल लिहून घेतलं. "नक्कल तयार होईल. न्यायला एकट्याने आलं तरी चालतं," ते नवलला म्हणाले.

दुसऱ्या दिवसापासून घर पुन्हा मुकं झालं. नक्कल घ्यायला नवल एकटाच गेला. वहाबमियाँनी ती वाचली आणि चष्मा काढला.

"नवलभाई, बुरा मत मानना. आपके वालिद हार गए थे."

"पन पेढा वाटेल व्हतात."

"अपील की उम्मीद में बाँटे होंगे."

गाडी घराकडे परतली तेव्हा नवलला बैलांकडेही बघवेना. आता भिकुबाई चातुर्मास संपल्यावर, दिवाळीनंतरच बोलणार, आणि तेव्हा काय बोलणार, हे त्याला दिसत होतं.

सकाळी तो हिंमतरावाच्या दारी गेला, तर हिंमतराव स्वतःच काट्या ओढून बाजूला टाकत होता. त्याचे हात रक्ताळलेले, तोंड उतरलेलं.

"नाना, मन्ही म्हैस दूध चोरस. सरकी घाली, गूळ घाला, हात फिरावात. पान्हा सोडत नही. तिले वैनीना आवाजनी सवय पडी गयी शे. बलाव तिले, हात जोडस."

भिकुबाई आली. पाणी घातलं, प्रदक्षिणा केल्या आणि सगळं साठलेलं सुरू झालं. म्हशीने कान टवकारले. चरवीत धारा वाजू लागल्या.

"आज समदं पानी पिंपळले टाकं, भाऊ," भिकुबाई शेवटी म्हणाली. "तुन्ही सोय तू कर."

हिंमतराव या वेळी हसला. मग त्याला आठवलं.

"नाना, नक्कल उनी ना? सांग तं खरं, कोना बाप जितेल शे?"

भिकुबाईही वळून नवलकडे पाहू लागली.

नवलने फेट्यात खोचलेली नक्कल आणखी आत दडपली, पिंपळाला हात जोडले आणि ओठांवर बोट ठेवलं. त्याने आजपासून मौन धरलं होतं.